लाईट आली की कळावं म्हणून

बाबा समुद्राकडे समुद्र म्हणून कधी बघतच नसत. आमच्या बेटावर लांबलांबून माणसं पैसे खर्चून समुद्र बघायला यायची, उन्हात लोळायची, शिंपले वेचायची, आणि आमचे बाबा त्याच समुद्राकडे तोंड करून, कमरेवर हात ठेवून म्हणायचे, "किती मीठ उडतंय बघ." ते बेटावरच्या छोट्याशा वीज कंपनीत इंजिनियर होते. विजेच्या खांबांवर तारा पेलणाऱ्या चिनीमातीच्या वाट्या असतात, त्यांच्यावर खाऱ्या वाऱ्याने मिठाचा थर बसतो, आणि त्यावर जरा दमट हवा पडली की वीज भलतीकडेच वाट काढते आणि लाईट जाते, हे मला शाळेत भूगोल शिकण्याआधी पाठ झालं होतं. धो धो पाऊस पडला की किनाऱ्यावरचे पाहुणे तोंड पाडून बसायचे आणि बाबा खुशीत चहा मागायचे, कारण मीठ धुऊन निघालं. विदर्भातल्या उन्हात ट्रान्सफॉर्मर सांभाळण्यात ज्याची उमेदीची वर्षं गेली, त्या माणसाला नशिबाने इथे मिठाशी झुंजायला पाठवलं होतं. त्यांना ते मनापासून आवडत होतं, हेच आईचं दुखणं होतं.

बेट नॉर्थ कॅरोलायनाच्या किनाऱ्यापासून सुटलेलं, लांबट आणि इतकं अरुंद की एका बाजूच्या गच्चीत उभं राहिलं तर दोन्हीकडचं पाणी दिसायचं. घरं सगळी लाकडी आणि उंच खांबांवर, म्हणजे पाणी आलंच तर खालून निघून जावं. वीज यायची ती मुख्य भूमीवरून, पुलाच्या कडेने येणाऱ्या एकाच लाइनवरून. "सलाइनवरचा पेशंट आहे आपलं बेट," बाबा म्हणायचे, "नळी सुटली की संपलं." आईला त्या पेशंटचं काहीही पडलेलं नव्हतं. तिचा जीव मुख्य भूमीवरच्या कॅरी गावात होता. तिथे साठे काका-काकू होते, बाबांच्या कॉलेजातले. तिथे मराठी शाळा होती, हळदीकुंकू होतं, दुकानात ताजी मेथी मिळत होती. आम्ही महिन्यातून एकदा निम्मा दिवस गाडी चालवून तिथे जायचो, डाळ-तांदूळ भरून आणायचो, आणि परतीच्या वाटेवर पूल दिसला की आई गप्प व्हायची. तरी तिने बेटावरच्या घराला होकार दिला होता, कारण ते आमचं स्वतःचं पहिलं घर होतं. दोन खोल्या, एक हॉल, निळ्या रंगाच्या फळ्या, आणि स्वयंपाकघराच्या खिडकीतून दिसणारा खाडीचा तुकडा. त्या खिडकीखाली तिने कढीपत्ता कुंडीत लावला होता आणि तो जगवून दाखवला होता.

आई मिरजेची. माहेराहून तिने दोनच वस्तू हट्टाने आणल्या होत्या, एक पेटी आणि तिच्या आईने शिवलेली गोधडी. खाऱ्या हवेने पेटीचा भाता कुजतो, सूर बसतात, म्हणून ती पेटी गोधडीत गुंडाळून ठेवायची आणि संध्याकाळी सोडवून वाजवायची. मला अजून त्या घराची आठवण आली की आधी आवाज ऐकू येतात: फ्रिजची घरघर, रस्त्यावरच्या ट्रान्सफॉर्मरचा भुणभुणाट, त्यांच्यावर आईची पेटी, आणि सगळ्यांच्या मागे समुद्र. लाईट गेली की पहिले दोन आवाज एकदम बंद व्हायचे आणि समुद्र घरात आल्यासारखा मोठा व्हायचा. मग आई हाताशी असेल ते काम टाकून दारावरच्या दिव्याचं बटण चालू करून यायची. लाईट नसताना दिवा कशाला लावतेस, असं मी लहानपणी विचारलं होतं. ती म्हणाली होती, "लाईट आली की कळायला नको?" मिरजेत सगळी गल्ली असंच करायची म्हणे. लोडशेडिंगच्या वेळी सगळे ओट्यावर बाहेर बसलेले, आत पंख्याचं आणि बाहेर एका दिव्याचं बटण चालू ठेवलेलं. दिवा पेटला की पोरांचा एकच गिल्ला आणि बायकांच्या टाळ्या. अमेरिकेत येऊन तिने बरंच काही सोडलं, ही सवय काही सोडली नाही. आमच्या शेजारच्या मिस डॉटलाही तिने ती लावली. मिस डॉट म्हणजे सत्तरीची, एकटी राहणारी, मासे धरण्यात हयात गेलेल्या माणसाची विधवा. तिला आईचं थालीपीठ इतकं आवडायचं की तिने त्याला 'सुमन्स पॅनकेक' असं नाव देऊन टाकलं होतं.

त्या सप्टेंबरात वादळ यायचं नक्की झालं आणि बेट रिकामं करण्याचा हुकूम निघाला. वादळाला बाईचं नाव दिलं होतं. मी ते इथे लिहीत नाही, आई अजूनही ते नाव तोंडाने घेत नाही. बाबांना कंपनीच्या माणसांबरोबर बेटावरच राहायचं होतं, शाळेच्या पक्क्या इमारतीत. आईने सकाळपासून स्वयंपाकघर डोक्यावर घेतलं होतं. आम्हाला वाटेत खायला दशम्या, आणि बाबांना मागे लागतील म्हणून तिखटमिठाच्या पुऱ्यांचा डोंगर. पंधरा वर्षांची मी, पुऱ्या लाटता लाटता शाळा बुडाल्याच्या आनंदात होते. आमची शेगडी विजेची होती, जुन्या पद्धतीची, कॉइल तापून लाल होणारी, बटणं मागच्या उभ्या पट्टीवर. आई तिला कधी सरावली नाही. जाळ नाही ती कसली शेगडी, म्हणायची. शेवटचे चार घाणे राहिले असताना लाईट गेली. वादळ अजून दूर होतं, पण वाऱ्याने कुठेतरी तार तुटली असणार. लालभडक कॉइल हळूहळू काळी पडली. आईने वैतागून कढई उतरवली, उरलेली कणीक डब्यात भरली आणि दारावरचा दिवा लावून आली.

मग बाबा धावतपळत आले, खिडक्यांना फळ्या ठोकायला. दोघांची बोलाचाली चालूच होती. जपायच्या वस्तू कुठे ठेवायच्या? पाणी वर आलं तर जमिनीवर काही नको, खिडकी फुटली तर खिडकीशेजारचा ओटा नको. आतल्या भिंतीला लागून, उंच आणि कोरडी अशी एकच जागा होती, ती म्हणजे शेगडी. आईने तिच्यावर पेटी ठेवली, गोधडीत दोनदा गुंडाळलेली, आणि पेटीवर फोटोंच्या अल्बमचा खोका. मागची पट्टी त्यांच्याआड झाकून गेली. बाबांनी जाताजाता जिन्याजवळच्या विजेच्या बोर्डातला मेन स्विच खटकन खाली ओढला आणि आईला बजावलं, "मी सांगेपर्यंत याला हात लावू नकोस." मग पुऱ्यांचा डबा काखेत मारून ते निघून गेले. आई आणि मी देवांचा डबा मांडीवर घेऊन कॅरीच्या वाटेला लागलो.

साठ्यांच्या घरी आम्ही टीव्हीसमोर बसून बेट बघितलं. बेट म्हणजे काय, राखाडी पाणी आणि त्यात आडवा पाऊस. काकू सारख्या चहा करत होत्या आणि काका सारखे म्हणत होते, "वहिनी, काळजी करू नका, तो सेफ असणार, यार तो काय नवशिका आहे?" फोन लागत नव्हता. दुसऱ्या दिवशी पूल वाचल्याचं कळलं, पण त्याच्या कडेची लाइन बऱ्याच ठिकाणी पाण्यात गेली होती. आणि मग काकांच्या रेडिओवर अचानक बाबांचा आवाज आला. कंपनीने सूचना वाचायला त्यांनाच बसवलं होतं. आपल्या वऱ्हाडी इंग्रजीत ते सावकाश सांगत होते की घरी परताल तेव्हा मेन स्विच बंदच ठेवा, वीज येईल तेव्हा एकेक उपकरण तपासून मगच चालू करा. तीच सूचना तासातासाला लागत होती. आईने दर वेळी हातातलं काम थांबवून ती अख्खी ऐकली. शब्दांकडे तिचं लक्ष नव्हतं. माणूस जिवंत आहे, एवढंच ती ऐकत होती.

आठवड्याभराने परत जायची परवानगी मिळाली. साठे काकू म्हणाल्या, लाईट येईपर्यंत इथेच राहा, मुक्ताला, म्हणजे मला, तात्पुरतं इथल्या शाळेत घालू. आई ऐकेना. आम्ही पूल ओलांडला तेव्हा दोन्ही बाजूंना खांब आडवे पडलेले होते, तारा झाडांत लोंबत होत्या, कुणाची तरी बोट रस्त्यात बसली होती. आमचं निळं घर मात्र जसंच्या तसं उभं. आत एका खिडकीतून पाऊस येऊन हॉलची जमीन फुगली होती, बाकी सगळं कोरडं. आई पायऱ्यांवर बसून रडली, मग डोळे पुसून तिने कढीपत्त्याची कुंडी शोधायला सुरुवात केली. कुंडी सापडली, रोप नाही सापडलं.

घरात पाणी शिरलं नव्हतं ते आमचं भाग्य, असं तेव्हा सगळे म्हणत होते. ज्यांच्या घरात शिरलं होतं त्यांचं घर तपासून, पत्रक चिकटवूनच त्यांना वीज मिळणार होती. आमच्यासारख्यांना काही तपासणी नव्हती. आता मागे वळून बघताना वाटतं, थोडं पाणी आलं असतं तर बरं झालं असतं.

स्वयंपाक खाली, मिस डॉटच्या घराखाली खांबांमध्ये चालायचा. कॅम्पिंगची गॅसची शेगडी घरात लावायची नाही, ही बाबांची सक्त ताकीद होती. आधी साऱ्या गल्लीचे फ्रीझर वितळत होते म्हणून कोळंबीची चैन झाली, मग ती संपली आणि आईचं पिठलं-भात सुरू झालं. घरातली शेगडी तशीही निकामीच होती, म्हणून पेटी आणि खोका तिच्यावर तसेच राहिले. जमीन अजून दमट होती आणि दुसरी जागा नव्हती. बाबा आठवड्यातून एखाद्या दुपारी येऊन अंघोळ करून जायचे. अंगाला मिठाचा आणि डांबराचा वास. लाईट देण्याचा क्रम ठरलेला: आधी दवाखाना, मग पाण्याचे पंप, मग शाळा, मग मोठा रस्ता. आमची गल्ली सगळ्यात शेवटी. त्या यादीत आपलं घर वर सरकवायचं बाबांच्या मनातही आलं नाही. गल्लीतले लोक आईला हसत म्हणायचे, लाईटवाल्याच्या घरी अंधार. आई हसायची आणि वर जाऊन भांडी आपटायची.

अखेर एका दुपारी तिने बाबांना गाठलंच. त्यांचं ताट वाढून ठेवलं आणि शांतपणे म्हणाली, "रविवारपर्यंत लाईट आली तर मी इथे राहते. नाही आली तर मुक्ताला घेऊन कॅरीला जाते, आणि मग मला परत बोलावू नका." ती भांडण्यासाठी बोलत नव्हती, ते बाबांना आणि मलाही कळलं. बाबांनी घास खाली ठेवला. "येईल," ते म्हणाले. ते गेल्यावर आई जिन्याजवळ गेली, मेन स्विचच्या बोर्डाचं झाकण उघडलं आणि तो वर ढकलला. मी बघत होते. तिच्या कानांत बाबांचा रेडिओवरचा आवाज असणारच, पण मिरजेची गल्ली त्याहून जुनी होती. "दिवा पेटला पाहिजे ना," ती म्हणाली. "नाहीतर आली तरी कळायचं नाही."

शनिवारी संध्याकाळी, उन्हं कलती असताना, आम्ही सगळे मिस डॉटच्या घराखाली जेवत होतो. आईच्या तव्यावर थालीपीठ होतं. तिचा फोन वाजला, तो जुना उघडझाप करणारा, गाडीत चार्ज करून ठेवलेला. बाबा सबस्टेशनवर होते. त्यांचा आवाज मला बाजूला ऐकू येत होता इतके ते जोरात बोलत होते. "सुमन, रस्त्यावर ये. आपल्या दिव्याकडे बघ." आम्ही सगळेच रस्त्यावर आलो. क्षणभर काहीच नाही. मग ट्रान्सफॉर्मर घुमला, आणि आमच्या दारावर, मिस डॉटच्या दारावर, गल्लीच्या टोकापर्यंत दिवे लागले. आईने दोन्ही हात वर करून टाळ्या वाजवल्या. लहान मुलीसारख्या. मग सगळ्या गल्लीने वाजवल्या, गोऱ्या माणसांनी, त्यांच्या पोरांनी, कुत्री भुंकायला लागली. आईचे डोळे वाहत होते. ती फोनमध्ये म्हणाली, "राहते हं मी. राहते."

फोन मग हातोहात फिरला. प्रत्येकाला बाबांचे आभार मानायचे होते. मिस डॉट त्यांना देवाचे आशीर्वाद देत होती, कुणी बिअर कबूल करत होतं. आई तव्याकडे परत गेली आणि मध्येच थांबून म्हणाली, काहीतरी जळतंय का गं, माझं थालीपीठ तर नीट आहे. कुणीतरी कोळसे पेटवले असतील, असं वाटलं. फोन फिरत फिरत माझ्या हातात आला होता. बाबा विचारत होते, "मुक्ता, फ्रिज लागला का बघ, आवाज येतोय का?" मी फ्रिजचा आवाज येतोय का म्हणून घराकडे वळले, आणि स्वयंपाकघराच्या खिडकीवरच्या फळीच्या फटींतून धूर येत होता. दाट, पिवळट. मग त्याच फटी आतून नारिंगी झाल्या. इतकंच म्हणता आलं, "बाबा, आपलं घर."

त्यांनी काही विचारलं नाही. दुसऱ्याच क्षणाला सबंध गल्लीचे दिवे गेले. त्यांनीच तिथून वीज तोडली होती. ट्रान्सफॉर्मर गप्प झाला, समुद्र मोठा झाला, टाळ्या वाजवणारी माणसं पुतळ्यासारखी उभी, आणि त्या काळोखत चाललेल्या गल्लीत उजेड होता तो फक्त आमच्या घरातून येणारा. मी आजवर तसं काही पुन्हा पाहिलं नाही, आणि पाहायला नको. लाकडी घर, समुद्रावरचा वारा, पंप नुकते चालू झालेले म्हणून नळीला धड जोर नाही. आग विझवणारे आले तेव्हा छप्पर खाली बसत होतं. आई धावली नाही, ओरडली नाही. ती हातात उलथनं धरून उभी होती आणि तिचे ओठ हलत होते. मला वाटलं देवाचं नाव घेतेय. जवळ गेले तेव्हा ऐकू आलं. "मी टाळ्या वाजवल्या," ती म्हणत होती. "मी टाळ्या वाजवल्या गं."

बाबा कंपनीच्या ट्रकमधून आले. त्यांच्याबरोबर वेन होता, लाइनमन लोकांचा फोरमन. इतके दिवस दोघं एकाच खोलीत झोपत, एकाच डब्यातल्या पुऱ्या खात होते. बाबा आधी आमच्यापाशी आले, माझ्या आणि आईच्या खांद्यांना हात लावून पाहिला, मग घराकडे बघितलं. घर म्हणजे खांब उरले होते आणि त्यांच्यावर काळी, वाफाळती लाकडं. आग विझवणाऱ्यांच्या अधिकाऱ्याने बॅटरी घेऊन चढून-उतरून पाहिलं, आणि खाली येऊन सगळ्यांसमोर सांगितलं की शेगडीचं एक बटण पूर्ण चालू होतं आणि तिच्यावर काहीतरी कापडात गुंडाळलेलं ठेवलेलं असावं. आईने तोंडावर हात घेतला. म्हणजे पुऱ्या तळताना लाईट गेली तेव्हापासून, ते बटण चालूच होतं. जाळ दिसेनासा झाला म्हणजे विझला, हे तिच्या हाताला जन्मापासून ठाऊक होतं.

अधिकाऱ्याने पुढे विचारलं की हे तर व्हायला नको होतं, मेन स्विच बंद असायला हवा होता, तो कुणी चालू केला? त्याच्या आवाजात राग नव्हता, पण भोवती अख्खी गल्ली उभी होती, वेन होता, कंपनीची आणखी दोन माणसं होती. सगळ्यांनी बाबांचा रेडिओवरचा आवाज ऐकलेला. मी आईकडे पाहिलं. तिने श्वास आत घेतला, ती बोलणारच होती.

"आय डिड," बाबा म्हणाले.

वेनने झटकन मान वर केली आणि मग आपल्या बुटांकडे बघत राहिला. बाबांनी मेनला हात लावलेला नाही, हे त्याने ओळखलं होतं; त्या दुपारी ते जेवून परत आले तेव्हाच त्यांनी त्याला गाडीत सांगितलेलं असणार की बायकोने काय मुदत दिलीय. त्याने तोंड उघडलं नाही. अधिकाऱ्याने बाबांच्या टोपीवरचं कंपनीचं नाव वाचलं, बाबांच्या तोंडाकडे पाहिलं, आणि "यू, ऑफ ऑल पीपल" एवढंच म्हणून तो वळला. मला वाटतं ते तीन-चार शब्द बाबांना घर जळण्याइतकेच लागले. साऱ्या आयुष्यात त्यांच्या कामाला कुणी नाव ठेवलेलं नव्हतं. पुढल्या वसंतात त्यांनी नोकरी सोडली आणि आम्ही कॅरीला आलो, आईला हवं होतं त्या गावी, आणि तिथल्या ताज्या मेथीचं तिने कधी कौतुक केलं नाही. पण ते नंतरचं.

त्या संध्याकाळी बाबांनी आधी आमच्या घराची तार खांबावरून तोडवली आणि मग वेनला सांगितलं की बाकीच्या लोकांना का अंधारात ठेवायचं, दे लाईट. दिवे परत लागले. या वेळी कुणी टाळ्या वाजवल्या नाहीत. लोक हळूहळू आपापल्या घरी गेले. मिस डॉट आमच्यासाठी वर अंथरुणं घालायला गेली. आम्ही तिघं तिच्या पायऱ्यांवर बसून राहिलो, डोक्यावर तिच्या दारावरचा दिवा. आईच्या हातात उलथनं तसंच होतं. बाबांनी ते काढून घेतलं.

"तुम्ही खोटं का सांगितलंत?" आईने विचारलं.

बाबांच्या तळहातांना काजळी लागली होती, ते एकमेकांवर घासत होते.

"लाईट मीच दिली ना, सुमन," ते म्हणाले.

आई उठली. पायऱ्या चढून गेली, मिस डॉटच्या दारावरच्या दिव्याचं बटण बंद केलं, आणि अंधारात खाली येऊन बाबांच्या शेजारी बसली.